आत्ती जामीन राहते

रामनगरपासून कॅसलरॉकपर्यंतच्या मुलखात माझ्या आत्तीइतका भरवशाचा जामीन दुसरा झाला नाही आणि होणारही नाही, हे मी छाती पुढे काढून सांगतो. गोव्यात अजून पोर्तुगीज होते तेव्हाची ही गोष्ट. आत्ती म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण. विधवा, भातखाचरांची मालकीण, आणि आवाज असा की तिने कोंबड्यांना हाक मारली की आमच्या गावचं सारं रेल्वे स्टेशन दचके. मी गावच्याच शाळेत मास्तर होतो आणि तिच्याच घरी राहायचो. लोक देवळात जातात तशी आत्ती कोर्टात जायची; धुवट लुगडं नेसून, वहाणा दारात काढून. पट्टेवाला कितीदा म्हणे, "अक्का, चप्पल चालतंय हितं." ती म्हणायची, "आत खरं बोलायचं आस्तंय न्हवं? मग भाईरच ऱ्हाऊं देत."

जामीन राहण्याची तिची रीत जगावेगळी. मारामारीचा खटला असला की आरोपीकडे ढुंकूनही न बघता ती आधी मार खाल्लेल्याला भेटायची. भिवाच्या वेळी हेच झालं. भिवा शेजारच्या गावचा शेतकरी. खाचराला पाणी आधी कुणी घ्यायचं यावरून रामाशी त्याचं जुंपलं आणि त्याने कोयता उलटा करून रामाच्या डोक्यात घातला. रामा दवाखान्यात बेशुद्ध, भिवा कोठडीत. भिवाची बायको रडत आत्तीकडे आली. आत्तीने तिला जेवू घातलं आणि स्वतः दवाखाना गाठला. परत आली आणि "रामा डोळं उघडीपतूर मी हुबी ऱ्हाणार न्हाई," एवढंच म्हणाली. कोर्टानेही भिवाचा जामिनाचा पहिला अर्ज त्याच कारणासाठी फेटाळला; जखमी माणूस वाचेल की नाही, हे डॉक्टरांनाच सांगता येत नव्हतं. "सायेबाचं आन माजं येकच मत पडलं बग," असं ती पुढे बाजारभर सांगत होती.

रामा शुद्धीवर आला, धोका टळला, तशी आत्ती दुसऱ्या अर्जाला उभी राहिली. सरकारी वकील म्हणाले, "आरोपीनं हत्यार वापरलंय. गावात राहून साक्षीदारांना दम देईल. शिवाय गोव्याची हद्द जवळ. पलीकडे गेला तर कोण आणणार?"

मॅजिस्ट्रेटांनी आत्तीला विचारलं, "बाई, हा पळणार नाही कशावरून?"

"त्येच्या मनातलं मला काय ठावं, सायेब? पर माज्या घरात ऱ्हाईल. गावात पाय टाकू देणार न्हाई. आन टाकला, तर आदी मीच तुमास्नी येऊन सांगीन."

साहेबांनी त्याच अटीवर जामीन दिला. मग काय, भिवा आमच्या ओसरीवर. आत्ती त्याच्या हाती कोयताच काय, सुपारीचा अडकित्तासुद्धा देईना. चौकीवर हजेरीला तो पुढे, ती मागे. फौजदार त्याच्यापेक्षा तिलाच जास्त घाबरे.

ऐन लावणीत एका सकाळी भिवा गायब. "गेला गोव्याला!" सारा बाजार म्हणाला. आत्ती मला घेऊन त्याच्या गावी तरातरा चालत गेली. बघतो तर भिवा रामाच्या खाचरात चिखलात उभा राहून तरवा, म्हणजे भाताची रोपं, लावतोय, आणि डोक्याला पट्टी बांधलेला रामा बांधावर बसून त्याला शिव्या घालतोय.

"त्येला वाकाय येत न्हाई, अक्का," भिवा खालमानेनं म्हणाला. "तरवा वाया चालला हुता."

आत्तीने पदर डोळ्यांना लावला. मला वाटलं, आता ही सारं पोटात घालणार. पण ती म्हणाली, "चल कोर्टात. आट मोडलीस तू."

मी हातापाया पडलो, व्यर्थ. तिने कोर्टात सगळं जसंच्या तसं सांगितलं. मागोमाग रामाही धापा टाकत आला. "ह्येनं दम दिल्याला न्हाई, सायेब. मीच शिव्या दिल्या." कोर्ट हसलं. साहेब हसले नाहीत. भिवाला कडक समज दिली, पण जामीन कायम ठेवला.

पुढे खटल्यात भिवाला काही महिन्यांची सजा झाली. निकालाला तो आपल्या पायांनी आला आणि पोलिसापुढे आपणहून हात केले. आत्ती ताठ उभी होती. "बगितलास? माजा मानूस हजर हाय," ती मला म्हणाली. पोराला बक्षीस मिळताना आयांचे चेहरे मी शाळेत पुष्कळ पाहिले. पण असा एकही नाही.

संध्याकाळी घरी येऊन तिने भात टाकला, ताटं घेतली आणि ओसरीकडे तोंड करून म्हणाली, "भिवा, जेवाय ये रं." मग उंबऱ्यातच थबकली.

"आलो गं," मी म्हणालो, आणि त्याच्या जागी जाऊन बसलो.