शिक्क्याची पोच
शिक्क्याच्या शाईचा वास आला की आजही अंगात चेव येतो. बहात्तरच्या दुष्काळात गिट्टी फोडून जमवलेल्या पैशांतून मी शिरपूरच्या बसथांब्यावर चहाचं टिनाचं हॉटेल टाकलं होतं. सरपंचाचा फुकट चहा बंद केला, तशी ग्रामपंचायतीची नोटीस आली: सात दिवसांत हॉटेल हटवा. मी तडक वाशीमला वकिलाकडे गेलो. “आजच कोर्टात ओढा त्या सरपंचाले!” वकील हसले. “आधी वरच्या साहेबाकडे अपील कर. ते सोडून आला तर जज दारातूनच वापस पाठवते.” कागदं जमवता जमवता सातवा दिवस उजाडला, तसा अपील घेऊन त्या साहेबाची कचेरी गाठली. कारकून म्हणाला, “साहेब दौऱ्यावर हायेत, उद्या ये.” “उद्यापर्यंत हॉटेल राह्यते काय? शिक्का मारून पोच द्या, नाही तर मी हालत नाही!” त्यानं चिडून ठप्पा हाणला. अपील दाखल झाल्याची ती ओल्या शाईची पोच मी हॉटेलासमोर दाखवताच सरपंचानं पाडायला आणलेले मजूर माघारी नेले, आणि पुढं अपीलही मंजूर झालं. हॉटेल वाचलं, पण सरपंचाला कोर्टाच्या पिंजऱ्यात घाम पुसताना बघायचं राहिलं, हा राग काही जात नाही.