ओसरी नावाचा तारा

माझा भाऊ मंगळवारी गेला. इंदापूरहून तात्यांचा, म्हणजे आमच्या चुलत्यांचा, फोन आला तेव्हा मी बारामतीत कॉलेजच्या ग्रंथालयाचं कुलूप उघडत होते. ते पुन्हा लावलं आणि एसटी धरली.

दहाव्याला आम्ही नरसिंहपूरला संगमावर गेलो. पण त्याआधी ताऱ्याचं सांगायला हवं, कारण मला जे लागलं ते त्याच्यावरून.

तो तारा आकाशात नाही. मी आठवीत आणि भाऊ दहावीत असताना आम्ही तो बनवला. मे महिना होता, घरातली पुस्तकं वाचून संपली होती. शंभर पानी वहीच्या मधोमध त्यानं एक ठिपका काढला आणि मी त्याला ओसरी हे नाव दिलं. तांबूस, मंद, कुणाच्याही उपयोगाचा नसलेला तारा. पण अवकाशात हिंडणाऱ्या तीन जमाती त्याला मानत. पाणके पाण्यानं भरलेल्या यानांतून फिरत. त्यांच्यात कुणी मेलं की ते ओसरीपाशी येऊन त्या मेलेल्याचं नाव एकदा मोठ्यानं घेत आणि पुन्हा कधीच घेत नसत. मुके दिव्यांनी बोलत आणि सगळी अंतरं ओसरीपासून मोजत. फिरस्त्यांना गाव नव्हतं, म्हणून ते तिची शपथ घेत. ओसरीजवळ आल्यावर प्रत्येकानं इंजिन बंद करायचं, एक दिवस नुसतं तरंगायचं आणि निघायचं. तिथं राहायचं मात्र कुणी नाही. हा नियम माझा होता आणि मला त्याचा अभिमान होता.

पुढं भाऊ इंदापूरकडच्या एका साखर कारखान्याच्या प्रयोगशाळेत लागला. दिवसभर उसाचा रस तपासायचा. वही त्याच्याकडेच राहिली. दिवाळीत मी गेले की आम्ही ती घेऊन बसायचो. त्याच्या लग्नानंतरच्या पहिल्या दिवाळीला वहिनीही येऊन बसली. ती कळस गावची, बारावी झालेली. सगळं ऐकून घेतल्यावर तिनं विचारलं, "समदे निघून गेल्यावर तितं मागं कोण ऱ्हातं? दिवा कोण लावतं?"

मी हसले. म्हणाले, "वहिनी, तारा आहे तो. त्याला कशाला दिवा?"

भाऊ हसला नाही. ती चहा टाकायला उठली. त्यानंतरच्या दिवाळीपासून वही बाहेर निघाली नाही. संसारात ते मागं पडलं असेल असं मला वाटलं, आणि मीही मागितली नाही. याला बारा वर्षं झाली.

संगमावर पिंड ठेवला तर कावळा शिवेना. समोरच्या बाभळीवर सहा-सात बसले होते, पण एकही खाली येईना. अशा वेळी गेलेल्याचं काही मागं राहिलंय असं धरतात, आणि जवळच्यांनी पुढं होऊन त्याला शब्द द्यायचा असतो. आधी तात्या पुढं झाले. "तुझ्या बायकूला आमी अंतर देणार न्हाय बाबा." कावळे तसेच. मग चुलतभाऊ म्हणाला, "तुझी मोटरसायकल इकणार न्हाय, दादा."

"चालू तरी हुती का ती?" तात्या म्हणाले. मागं कुणीतरी खुसकन हसलं. मग ते माझ्याकडं वळले. "तू बोल की गं. का तुझ्या ग्रंथालयाची पुस्तकं ऱ्हायलीत त्याच्याकडं?"

काय राहिलंय ते मला ठाऊक होतं. जगात फक्त मलाच ठाऊक आहे असं मी धरून चालले होते. पण ते चारचौघांत कसं बोलायचं?

तेवढ्यात वहिनी पुढं झाली. हात जोडले आणि म्हणाली, "वही मी पुरी करीन. ओसरीवरचा दिवा इझू देणार न्हाय."

एक कावळा उतरला, भातात चोच घातली आणि उडाला.

"शिवला!" तात्या म्हणाले. "कसली वही नि कसला दिवा गं सूनबाई? असू दे. शिवला ना!"

माझा कावळ्यांवर विश्वास नाही. त्याला भूक लागली असेल. तरी माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, आणि भावासाठी रडतेय समजून बायका माझी पाठ थोपटत राहिल्या. मी त्या वेळी भावासाठी रडत नव्हते.

इंदापूरला घरी आल्यावर मी वहिनीला गाठलं. "ती वही मला हवी आहे. ती आमची आहे."

"न्या की, वन्सं." तिनं कपाटातून वही काढली, पदरानं पुसली. "पर वाचल्याबिगर नेऊ नका."

मी तिथंच बसून वाचली. अर्ध्या वहीपर्यंत आमची अक्षरं होती. पुढं तिचं गोल, शाळकरी अक्षर, पानामागून पान. बारा वर्षांच्या संध्याकाळी त्यात होत्या आणि त्यातली एकही माझी नव्हती. तिनं चौथी जमात आणली होती, राखणी बायकांची. ओसरी कधीच विझलेली आहे, हे फक्त त्यांना माहीत असतं. त्या तिथं राहतात आणि आळीपाळीनं दिवे पेटते ठेवतात, कारण दुरून पाहणाऱ्यांना कळलं तर मुक्यांची अंतरं चुकतील आणि पाणक्यांना आपल्या माणसाचं नाव घ्यायला जागा उरणार नाही. माझा नियम तिनं मोडला होता. आम्ही दोघांनी लिहिलेल्या सगळ्या पानांपेक्षा हे पान चांगलं होतं.

शेजारी समासात भावानं पेन्सिलीनं लिहिलं होतं, 'हे धाकटीला दाखवायला हवं. पण ती हसेल.'

"मी हसले नसते," मी म्हणाले.

"तुमी हसला हुता की एकदा," वहिनी म्हणाली. रागानं नाही. भाजीत मीठ कमी आहे हे सांगावं तसं.

मी वही पिशवीत घातली. चप्पल घातली. मग पिशवीतून वही काढून तिच्यापुढं ठेवली. यात माझा मोठेपणा काही नव्हता. पुढचं मला सुचत नव्हतं आणि तिला सुचत होतं, एवढंच.

वही आता वहिनीकडे असते. नवं काही लिहिलं की ती मला फोनवर वाचून दाखवते. मी ऐकते. चांगलं असतं. मला तिचा अजून हेवा वाटतो.