कायदेशीर म्हणून नामंजूर

मी आरोग्य विम्याची एजंट आहे. घर पिपरी मेघेत, कंपनीची शाखा वर्ध्यात, आणि गिऱ्हाइकं बहुतेक ओळखीतली: शाळेतल्या मॅडम, किराणा दुकानदार, पवनारकडचे भाजीपाल्याचे शेतकरी. पॉलिसी विकताना काय बोलायचं ते माझं पाठ झालेलं होतं. डेंग्यू झाला तर, पित्ताशयाचं ऑपरेशन निघालं तर, गाडीवरून पडलं तर. काय मिळणार नाही याचीही पानं पुस्तिकेत असतात. ती मी ‘हे नियम आहेत, घरी निवांत वाचा’ असं म्हणत पुढं सरकवायची. घरी कुणी वाचत नाही हे मला माहीत होतं. खरं सांगायचं तर मीही ती परीक्षेपुरतीच वाचली होती.

माझी धाकटी बहीण पवनारला दिलेली आहे. तिच्या घरी नदीच्या अंगाला वावर आहे. पालक, मेथी, सांभार म्हणजे कोथिंबीर, वांगी असं काही ना काही बारा महिने निघतं, आणि बाजारात बसून ते विकण्याचं काम तीच करते, कारण तिच्या नवऱ्याला भाव करता येत नाही. दोन मुली आहेत. घरची आरोग्य पॉलिसी अर्थातच माझ्या हातची.

मागच्या वर्षी ती तिसऱ्यांदा गरोदर राहिली. हे मूल तिला हवं होतं. हे मी आधीच सांगून टाकते, कारण पुढं ज्याला त्याला हेच पटवत फिरावं लागलं. धाकटी मुलगी शाळेत जायला लागली होती, घर दुपारी रिकामं वाटतं असं तीच मला म्हणाली होती. मुलगा की मुलगी याचं तिच्या सासूला असेल पडलेलं, तिला नव्हतं.

एकोणिसाव्या आठवड्यात सोनोग्राफी झाली. सोबत मीच होते. तपासणारे डॉक्टर आधी बरंच बोलत होते, मग स्क्रीनच्या जवळ सरकले. पुन्हा पुन्हा एकाच जागी यंत्र फिरवू लागले. शेवटी त्यांनी आम्हाला खुर्च्यांवर बसवून सांगितलं की बाळाच्या डोक्याची कवटी तयारच झालेली नाही. पुढंही होणार नाही. असं बाळ जन्माला आलं तरी काही तास जगतं, फार तर एखादा दिवस. माझ्या बहिणीनं फक्त एवढं विचारलं की तिनं काही चुकीचं खाल्लं का, वावरात फवारणी चालली होती त्याच्यानं झालं का. ते म्हणाले, नाही, हे पहिल्या महिन्यातच ठरतं, कुणाच्या हातात नसतं. तिनं मान हलवली, पण तिला ते पटलं नव्हतं हे मला दिसत होतं.

तिसऱ्या दिवशी तिचा फोन आला. म्हणाली, नऊ महिने वागवून मग मातीत ठेवायला मी तयार नाही. तू दवाखाना पाह्य.

मी वर्ध्यातलं एक खाजगी हॉस्पिटल पाहिलं. कंपनीच्या यादीत होतं, तिथले लोक ओळखीचे होते, म्हणून. तिथल्या डॉक्टरांनी रिपोर्ट वाचला, पहिली मुलं किती असं विचारलं. दोन, असं मी सांगितलं. ‘दोन्ही मुलीच?’ असं म्हणत त्यांनी हातातला पेन खाली ठेवला. त्या क्षणापासून समोर बसलेली बाई त्यांना दिसेनाशी झाली. आम्ही चोरून गर्भलिंग तपासून आलो आहोत, आणि उद्या चौकशी आली की आपलं लायसन्स जाईल, एवढंच त्यांना दिसत होतं. रिपोर्टमध्ये कवटी नाही असं लिहिलेलं होतं, त्यावर शिक्का होता, सही होती. तरी त्यांना दुसऱ्या सेंटरची सोनोग्राफी हवी झाली. ती आणली तर नवऱ्याची सही हवी झाली. नवरा आणला तर त्याचं आधार कार्ड हवं झालं, आणि त्याच्या आधारवर आडनावात एक वेलांटी वेगळी होती म्हणून प्रतिज्ञापत्र हवं झालं. तो बिचारा वावरातलं पाणी अर्धवट सोडून तीन खेपा आला. चौथ्या खेपेला डॉक्टर म्हणाले, आता वीस आठवडे उलटले, आता एका डॉक्टरच्या सहीनं होत नाही, आमच्याकडे जमणार नाही.

म्हणजे उशीर त्यांनीच केला आणि उशीर झाला म्हणून नकार दिला. मी आवाज चढवला. रिसेप्शनवरच्या लोकांनी माना वळवल्या. बहीण माझा हात धरून बाहेर घेऊन आली आणि पायरीवर बसली.

“यायले वाटते मी पोरगी पाडून राह्यली,” ती म्हणाली. “मी पोरगी काऊन पाडन वो ताई? दोन हायेत नं माह्या घरी.”

तिचा नवरा समोर उभा होता, त्यानं तोंड फिरवलं.

दुसऱ्या दिवशी आम्ही जिल्ह्यातल्याच एका मोठ्या दवाखान्यात गेलो. हे आधीच करायला हवं होतं. मी कंपनीच्या यादीतल्या ओळखीला चिकटून बसले हा माझा दोष. तिथं एक वयस्कर डॉक्टर मॅडम होत्या. त्यांनी रिपोर्ट वाचला, बहिणीला तपासलं आणि मुलं किती हे विचारलंच नाही. वीस ते चोवीस आठवड्यांत अशा कारणासाठी दोन डॉक्टरांचं मत लागतं, दुसऱ्या डॉक्टर शेजारच्या खोलीतच आहेत, असं त्या म्हणाल्या. मी पिशवीतून नवऱ्याचं आधार, प्रतिज्ञापत्र, दोन्ही सोनोग्राफ्या असा गठ्ठा काढला. त्यांनी तो तसाच माझ्याकडे सरकवला. म्हणाल्या, सही फक्त हिची लागते. नवऱ्याची लागत नाही, तुमची तर नाहीच. तिसऱ्या मिनिटाला जे कळलं ते आधीच्या हॉस्पिटलात दहा दिवसांत कुणी सांगितलं नव्हतं.

बहिणीला भरती केलं आणि मी विम्याच्या काउंटरवर गेले. इथं तरी मी माझ्या घरात होते. अर्ज मीच भरला, रिपोर्ट जोडले, कॅशलेसची विनंती पाठवली. संध्याकाळच्या आत उत्तर आलं. विनंती नामंजूर. कारण: कायदेशीर वैद्यकीय गर्भपाताचा खर्च पॉलिसीतून वगळलेला आहे.

मी ते तीनदा वाचलं. ‘कायदेशीर’ हा शब्द काही केल्या गळ्याखाली उतरेना. ज्या शब्दासाठी आम्ही दहा दिवस वणवण केली, दोन डॉक्टरांच्या सह्या घेतल्या, तोच शब्द नकाराचं कारण म्हणून लिहिला होता.

बाकावर बसून पॉलिसीची पुस्तिका मोबाइलवर उघडली आणि पहिल्यांदा ओळन् ओळ वाचली. व्याख्यांच्या पानावर ‘बाळंतपणाचा खर्च’ होता, आणि त्याच्या दुसऱ्याच ओळीत कायदेशीर गर्भपाताचा खर्चही त्यात धरलेला होता. मला वाटलं, सापडलं. लगेच शाखेतल्या साहेबांना फोन लावला आणि पान नंबर सांगितला. ते शांतपणे म्हणाले, मॅडम, आता वगळलेल्या गोष्टींचं पान काढा. तिथं बाळंतपणाचा खर्च सगळाच वगळलेला होता. म्हणजे आधी नीट समजावून सांगायचं की ही गोष्ट कशाला म्हणतात, ते केवळ पुढं ती देणार नाही हे सांगता यावं म्हणून. बाळंतपणाचं वेगळं कव्हर मिळतं, जादा हप्ता भरून, तेही पॉलिसी घेतल्यानंतरचा थांबायचा काळ संपल्यावर. बहिणीला पॉलिसी देताना मी ते सुचवलं नव्हतं. दोन झाल्यात, आता कुठं तिसरं, असं माझं मीच ठरवून टाकलं होतं. साहेब म्हणाले, सरकारनं गर्भपाताला परवानगी दिली आहे, विम्यातून पैसे द्या असं कुठं म्हटलंय?

दुसऱ्या दिवशी गोळ्यांनी कळा सुरू झाल्या. बाळंतपणासारख्याच कळा, तेवढाच वेळ, त्याच वॉर्डात. पलीकडच्या खाटेवरची बाई दुपारी मुलगा झाला म्हणून पेढे वाटत होती, तिनं आमच्याकडेही पुढं केले. बहिणीनं एक घेऊन हातात धरून ठेवला. सगळं झाल्यावर वार आतच अडकून राहिली. रक्त खूप गेलं, तिला भूल देऊन आत न्यावं लागलं, रक्त चढवावं लागलं. तिचा नवरा भिंतीला टेकून उभा होता आणि मला एकच विचारत होता, ताई, ते बरी होईन नं?

ती बरी झाली. तिसऱ्या दिवशी उठून बसली, वरणभात खाल्ला.

मग मी पुन्हा कंपनीच्या मागे लागले. निदान वार अडकल्याचा खर्च तरी द्या, जीव धोक्यात होता, हा काही कुणी ठरवून केलेला प्रकार नव्हता, असा नवा अर्ज केला. कंपनीच्या क्लेम विभागातून एका मुलीचा फोन आला. गोड बोलत होती. तिनं मूळ कारण वगळलेलं असेल तर त्यातून उद्भवलेलंही वगळलेलं असतं, असं समजावलं. मी वैतागले. म्हटलं, आपोआप गर्भ पडला असता तर दिलं असतं का? ती म्हणाली, नाही, तोही वगळलेला आहे, फक्त अपघातानं पडला तर मिळतं. मग आवाज बारीक करून तिनं विचारलं, “मॅडम, त्या कुठं पडल्या वगैरे होत्या का? शेतात, गाडीवरून? डॉक्टरांच्या कागदावर तसं असेल तर मी पाहू शकते.”

ती वाईट नव्हती. तिला खरोखर मदत करायची होती. आणि मी नाही म्हटलं नाही. मी म्हटलं, विचारून सांगते.

डिस्चार्ज कार्ड अजून लिहायचं होतं. त्या डॉक्टर मॅडमना असं काही लिहायला सांगणं किती लाजिरवाणं झालं असतं हे मला आज कळतं. त्या वेळी मला फक्त ते नामंजुरीचं पत्र खोटं पाडायचं होतं. वीस वर्षं एजंट असलेली मी, स्वतःच्या बहिणीचा क्लेम पास करता येत नाही म्हणजे काय. मी खाटेजवळ गेले आणि हलक्या आवाजात तिला सांगितलं की कंपनी विचारते आहे, वावरात पाय घसरून पडली होती असं म्हणता येईल का.

तिनं अंगावरची चादर सारखी केली.

“मी पडली नाई,” ती म्हणाली. “पडली म्हनलं तं माह्या चुकीनं गेलं असं होते. डॉक्टर म्हनते कोनाच्या हातात नव्हतं. ते एक तं राहू दे माह्यापाशी.”

मी बाहेर येऊन त्या मुलीला फोन केला आणि सांगितलं की पेशंट पडली नव्हती. ती ओके मॅडम म्हणाली.

बिल बहिणीच्या नवऱ्यानं ठिबकच्या नळ्यांसाठी बाजूला ठेवलेल्या पैशांतून भरलं. त्या वर्षी वांग्यांना पाटानंच पाणी गेलं. मी कंपनीच्या तक्रार विभागाला पत्र लिहिलं. त्याचं उत्तर छापील आलं, पहिल्या पत्रातलंच वाक्य, फक्त वर ‘आदरणीय ग्राहक’ असं जोडलेलं. मग विमा लोकपालांकडे लिहिलं. तिथून तरी माणसानं लिहिल्यासारखं उत्तर आलं: आपल्या बहिणीबद्दल वाईट वाटते, परंतु पॉलिसीत जे लिहिले आहे त्याप्रमाणे कंपनीचा निर्णय योग्य आहे. ते बरोबरच होतं, आणि चीड त्याचीच होती. कुणी फसवलं असतं तर भांडता आलं असतं. इथं सगळं लिहिलेलं होतं, आणि ते विकणारी मी होते.

तेव्हापासून मी वगळलेल्या गोष्टींचं पान वाचून दाखवते. पूर्ण, मोठ्यानं. कायदेशीर गर्भपाताच्या ओळीला आले की समोरचे पुरुष घड्याळ पाहतात आणि बायका पदर सारखा करतात. एक दुकानदार म्हणाला, मॅडम, आमच्या घरात असलं काही होत नाही, ते राहू द्या. माझ्या बहिणीच्या घरातही होत नव्हतं, असं मी म्हटलं. त्यानं पॉलिसी घेतली नाही. साहेबांनी बोलावून सांगितलं की पुस्तिका दिली की आपलं काम संपतं, वाचून दाखवायची सक्ती नाही. मी ऐकून घेतलं आणि वाचणं चालू ठेवलं. याचा कुणाला उपयोग होतो का, मला माहीत नाही. दोघीतिघींनी बाळंतपणाचं कव्हर जोडून घेतलं, एवढं खरं.

बहीण दीड महिन्यानं बाजारात बसायला लागली. सुरुवातीला ओळखीच्या बायका विचारायच्या, कितवा महिना. ती सांगायची, गेलं. पुढं कुणी विचारेनासं झालं. मुलींना तिनं खरं काय ते सांगितलं, जेवढं त्यांना कळेल तेवढं.

पॉलिसीचं वर्ष संपत आलं तेव्हा माझी हिंमत होईना. शेवटी मी पवनारला गेले. ती अंगणात सांभाराच्या जुड्या बांधत होती. मी म्हटलं, नूतनीकरणाची तारीख आली आहे, पण तुझं मन नसेल तर राहू दे, मला राग येणार नाही. तिनं हातातली जुडी पुरी केली, टोपलीत ठेवली.

“साप चावला तं भेटते का?” तिनं विचारलं.

भेटते, असं मी म्हटलं. तरी पिशवीतून पुस्तिका काढली आणि तिच्यासमोर वगळलेल्या गोष्टींचं पान शोधून, बोट ठेवून, पुन्हा एकदा खात्री केली. तिनं ओल्या हातानंच फॉर्मवर सही केली.