बारा दाखल्यांवरचं अक्षर

रशीद काल गेला, आणि आज सकाळपासून त्याच्या वॉलवर वाढदिवसाचे केक येतायत.

आज एक जून. फेसबुकला कोण सांगणार!

माझ्याही वॉलवर येतायत. आम्ही दोघं एका बाकावरचे. पहिलीत नाव घालताना गुरुजींनी विचारलं, जन्म कधीचा? रशीदची अम्मी म्हणाली, "पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीचा. मग आठ-दहा दिवसांत निजामावर पोलीस ॲक्शन झालं ना."

गुरुजींनी मान डोलावली आणि लिहिलं, एक जून.

माझ्यापुढंही तेच. अर्ध्या वर्गापुढं तेच.

पुढं मी मराठीचा मास्तर झालो. रशीद पेपरात स्पोर्ट्स रिपोर्टर.

नव्या मित्रांना माहीत नसेल, 'चुन्याची रेघ' नावाचं त्याचं सदर यायचं. मैदानासाठी आलेली लाल माती एका पदाधिकाऱ्याच्या बंगल्यातल्या गुलाबांखाली गेली, ते त्यानं फोटोसकट छापलं. मग त्याला मैदानात बंदी झाली. हा पठ्ठ्या भिंतीला ट्रक लावून टपावर उभा राहिला आणि तिथून रिपोर्ट दिला.

सख्खा मेहुणा पंच होता. त्याच्याबद्दल लिहिलं, "यांना आधी डोळ्यांच्या डॉक्टरकडं न्या."

त्या ईदला बहिणीनं दार उघडलं नाही.

मी त्याच्या बातमीची कॉपी वाचायचो, तो माझ्या कविता. दर वेळी एकच बोलणं.

"मास्तर, विशेषणं काढ. कोण जिंकलं तेवढं सांग. चांदणं नक्को."

आता खरं सांगायचंय ते.

आमच्या शाळेची चौदा वर्षांखालची कबड्डीची टीम लई नावाजलेली. शाळेचं नाव लिहीत नाही. अध्यक्षसाहेबांना दर वर्षी कप पाहिजे असायचा, आणि टीममधली पोरं सकाळी दाढी करून यायची.

एका दुपारी हेडमास्तरांनी बोलावून कोरे दाखले माझ्यापुढं ठेवले.

"तुमचं अक्षर मोत्यासारखं. जरा वयं बसवा."

मी पर्मनंट नव्हतो. माझा प्रस्ताव अध्यक्षांच्या टेबलावर पडून होता.

बसलो लिहायला.

सगळ्यांना एक जून घातला तर संशय येईल, असं वाटलं मला. मग कॅलेंडर काढलं. एकाला कोजागरी दिली. एकाला वसंतपंचमी. एकाला श्रावणातला पहिला सोमवार. खोटंच लिहायचं तर निदान दिवस तरी देखणा द्यावा, ही आपली माझी अक्कल.

बारा पोरं, बारा देखणे दिवस.

रशीदनं स्पर्धेच्या टेबलावर ते दाखले चाळले आणि तिथंच हसला म्हणे.

"खेड्यातली बारा पोरं, आणि एक बी एक जूनचा नाय? इतकी शिस्तीत कुठं जन्मली?"

दुसऱ्या दिवशी छापून आलं. अध्यक्षांचं नाव, हेडमास्तरांचं नाव, कोचचं नाव. आणि एक वाक्य, जे मला अजून पाठ आहे: ज्यांचं वय खरं होतं, ती पोरं बाहेर बसून टाळ्या वाजवत होती.

माझं नाव नव्हतं.

बाकावर सोबत बसून माझं अक्षर ज्यानं रोज बघितलं, त्याला ते ओळखू आलं नसेल का?

चौकशी लागली. पेपरला अध्यक्षांची नोटीस गेली. संपादकांनी रशीदला सांगितलं, अक्षर कुणाचं ते सिद्ध करा, नाहीतर माफी छापा.

तो माझ्या घरी आला.

"मास्तर, तू सांगतो का?"

"दोन पोरी आहेत, रशीद. अजून पर्मनंट नाय मी."

तो चहा ढवळत बसला. साखर कधीच विरघळली होती.

"कबड्डीत पाय धरला तर काय करतात रे?"

"काय?"

"दम सोडत नाय. हात लांब करतात. रेघेला नुसतं बोट लागलं तरी सुटतो माणूस."

मी हात लांब केला नाही.

कप खाली ठेवून तो म्हणाला, "मग माफीनामा तूच लिहून दे. मला येत नाय."

दिला लिहून. त्याच अक्षरात. "सदर वृत्त पूर्णतः निराधार होते. आम्ही मनःपूर्वक दिलगीर आहोत."

त्यानं एकही विशेषण खोडलं नाही.

'चुन्याची रेघ' बंद झाली. रशीदला बाजाराच्या पानावर बसवलं. रिटायर होईपर्यंत तो लासूर स्टेशनला कांद्याची आवक किती झाली, ते लिहीत होता.

मी पर्मनंट झालो.

दर रविवारी आम्ही चहाला भेटत राहिलो. त्यानं तो विषय कधीच काढला नाही. एकदा तरी शिवी हासडली असती तर सुटलो असतो मी. पण तो फक्त विचारायचा, "नवीन कविता काय?"

पोरींची लग्नं होऊ देत, मग सांगीन म्हणालो. मग पेन्शन लागू दे म्हणालो. अध्यक्षसाहेब गेले, हेडमास्तर गेले, पाय धरणारं कुणी उरलं नाही.

तरी पाय सुटेना.

काल कब्रस्तानातून बाहेर पडताना एक रिपोर्टर माझ्यासोबत चालत होता. म्हणाला, "सर, रशीदचाचा वाघ माणूस. ते दाखल्यांचं प्रकरण तेवढं चुकलं त्यांचं."

मी हो म्हणालो.

हातावरची माती अजून वाळली नव्हती, आणि मी हो म्हणालो.

म्हणून हे इथं, सगळ्यांसमोर. स्क्रीनशॉट काढायचा त्यानं काढावा. त्या पेपरात आज जे कुणी असतील त्यांनी छापावं.

रशीदची बातमी खरी होती.
बाराही दाखले खोटे होते.
अक्षर माझं होतं.

आणि त्याच्या वॉलवरचे ते केक काढा रे. शुभेच्छा द्यायच्याच तर पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी द्या. त्याच्या अम्मीनं गुरुजींना सांगितलेला दिवस आहे तो.

श्रद्धांजली, रशीद.

'भावपूर्ण' काढलंय.