बहात्तराव्या वर्षी शेवटचा हप्ता

आमच्या घराच्या कर्जाचा हप्ता पहिल्या महिन्यापासून एका रुपयाने वाढला नव्हता, आणि ही गोष्ट मी चारचौघांत मिरवायचे. लग्नकार्यात, शाळेच्या ऑफिसात, जिन्यात कोणी भेटलं तरी. बावीस हजार आठशे अकरा! विषय काहीही असो, मी गाडी हळूच तिकडे वळवायचे.

मिरवण्यासारखं होतंच ते. लॉकडाउननंतर व्याजाचे दर खाली आले होते, तेव्हा आम्ही कोपरखैरण्यात हा वन बीएचके घेतला. तीस लाखांचं कर्ज, वीस वर्षांसाठी. नवरा तेव्हा अडतीसचा होता. तुर्भ्याच्या एका कंपनीत तो मशीनवर असतो, पाळ्यांची नोकरी, आणि अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्ती. म्हणजे इकडे नोकरी संपणार आणि तिकडे कर्ज. मी जुईनगरच्या एका शाळेत क्लार्क आहे, तारखा जुळवणं माझं रोजचंच काम, त्यामुळे ही जुळणी बघून मला कोण आनंद झाला होता! रात्रपाळी करून तो सकाळी घरी आला, की मी म्हणायचे, ‘एवढी वर्षं काढ, मग बघ, तुला कुणी उठवणार नाही.’ तो नुसता हसायचा आणि पडदा ओढून झोपायचा.

मग दर वाढायला लागले. सोसायटीत ज्याच्या त्याच्या तोंडी तेच टेन्शन. माझी खालच्या मजल्यावरची मैत्रीण मूळची बीडची, हायस्कूलला गणित शिकवते. तिचा हप्ता चांगला चार हजारांनी वाढला. आमच्या बँकेचा मेसेज आला, तर हप्त्यात बदल नाही! मी तो मेसेज तेवढाच वाचला, खालच्या ओळीकडे ढुंकूनही बघितलं नाही, आणि दुसऱ्या दिवशी शाळेत पेढे वाटले. हसू नका, खरंच वाटले. आमची बँक किती चांगली, गरिबाची तिला किती कळकळ, असं भाषणही केलं वर.

आमच्या बिल्डिंगमध्ये वीस बायकांची भिशी आहे. महिन्याला प्रत्येकीचे पाच हजार, ज्या घरी भिशी तिथे चहा-भेळ, आणि स्टीलच्या डब्यातून चिठ्ठी काढायची. जिच्या नावाची चिठ्ठी निघाली तिला त्या महिन्याचे एक लाख. माझी चिठ्ठी निघत नव्हती, निघत नव्हती, आणि एका रविवारी निघाली. मी ओरडलेच. त्या लाखाची वाट मी केव्हापासून बघत होते! सीवूड्सला जाऊन मॉड्युलर किचन पसंत करून ठेवलं होतं. सुतार येऊन माप घेऊन गेला होता. आमच्या ओट्याखाली उघडी मांडणी आहे, तिला मी एक जुना पडदा लावलाय, आणि त्या पडद्यामागे झुरळं सुखाने संसार करतात. तो पडदा जाणार म्हणून मी हवेत होते.

हवेत असताना माणूस बडबडतो. मी म्हटलं, ‘आता किचन करून टाकते बाई. आम्हाला काय, आमचा हप्ता पहिल्या दिवसापासून तोच.’

खालची मैत्रीण भेळ खात होती. तिने विचारलं, ‘हप्ता तोच ना? मग मुदत किती झाली?’

‘किती म्हणजे? वीस वर्षं.’

‘अगं, दर वाढल्यावर बँक हप्ता तरी वाढवते, नाहीतर वर्षं तरी. फुकट कोण सोडतंय? आम्ही वर्षं नको म्हणालो, हप्ता वाढवून घेतला. तू बघ एकदा.’

मला असा राग आला तिचा! म्हटलं, हिच्या पोटात दुखतंय. भेळेची प्लेट ठेवली, लाखाचं पाकीट उचललं आणि वर आले. पण डोक्यात ते शिरलं ते शिरलंच. दुपारचे तीन वाजले होते, नवरा रात्रपाळी करून आत झोपला होता. मी मोबाइलवर बँकेचं अॅप उघडलं. हप्ता कधी भरला गेला एवढंच मी त्यात बघायचे. आता खाली खाली सरकत गेले. ‘उरलेले हप्ते’ असं लिहिलं होतं आणि पुढे आकडा होता तीनशे सत्त्याहत्तर.

मला वाटलं दिवस असतील. बाराने भागलं, साडेएकतीस वर्षं आली. तीन वर्षं भरून झाल्यावर, वीस वर्षांच्या कर्जाची अजून साडेएकतीस वर्षं! नवरा आता एक्केचाळीस. एक्केचाळीस आणि एकतीस. मी बेडरूमचा दिवा लावला आणि त्याला गदागदा हलवलं.

‘ऊठ! बहात्तर!’

‘कोण? काय झालं? कोण गेलं?’

‘कोणी नाही गेलं. तू बहात्तर वर्षांचा होशील तेव्हा शेवटचा हप्ता आहे आपला!’

तो डोळे चोळत बसून राहिला. मी सगळं घडाघडा सांगितलं. त्याने मोबाइल हातात घेतला, आकडा बघितला, परत दिला. ‘बरं,’ एवढंच म्हणाला. त्याच्या त्या ‘बरं’ने माझं डोकं आणखी फिरलं. मी म्हटलं, तू झोप, मी बघते.

पुढचे दोन आठवडे मी कर्जाशिवाय दुसरं काही बोलले नाही. आधी संताप होता. मागच्या महिन्याचा हप्ता फोडून बघितला तर बावीस हजार आठशे अकरापैकी एकवीस हजारांच्या वर नुसतं व्याज, आणि मुद्दलात जेमतेम तेराशे साठ रुपये! एवढ्याची तर आमची महिन्याची भाजी होते. महिनाभर नवऱ्याने झोपेचं खोबरं करायचं, मी शाळेत डोळे फोडायचे, आणि कर्ज किती कमी झालं? तेराशे साठने. असंच चालू राहिलं, तर तीस लाखांच्या कर्जापोटी आम्ही शेवटपर्यंत चौऱ्याण्णव लाख मोजणार होतो. मी ते तीनदा करून बघितलं, तिन्ही वेळा चौऱ्याण्णव. तशी तीन कर्जं फिटली असती हो त्यात! आणि मी पेढे वाटले होते.

मग एका दुपारी शाळेत, डबा खाताना, मी इंटरनेटवरच्या कर्ज-कॅल्क्युलेटरमध्ये सहज एक लाख कमी करून बघितले. समजा आत्ता एक लाख एकरकमी भरले तर? हप्ते तीनशे सत्त्याहत्तरचे तीनशे अठरा झाले. मी घास तसाच धरून बसले. एकोणसाठ हप्ते गेले! एका लाखात जवळजवळ पाच वर्षं! कारण तो लाख सगळाच्या सगळा मुद्दलात जातो, व्याजाला त्यातला रुपया मिळत नाही. मी इतकी जोरात हसले की शिपाई बघायला आला.

त्यानंतर मला वेडच लागलं. आमच्या फ्रिजचा तीन हजारांचा हप्ता त्याच महिन्यात संपत होता. समजा तेच तीन हजार घराच्या हप्त्यात वाढवले तर? आकडे टाकले, बटण दाबलं, आणि वर्षं अशी कोसळली की मी परत टाकून बघितले. लाख आणि तीन हजार मिळून अठरा वर्षं. अठरा! एक्केचाळीस आणि अठरा, एकोणसाठ. एवढी मजा मला शाळा-कॉलेजात कधी गणितात आली नव्हती. ऑफिसातल्या दोघींना मी त्यांची खाती उघडायला लावली, तर त्यातली एक तिथेच कपाळाला हात लावून बसली. खालच्या मैत्रिणीकडे जाऊन मी आधी माफी मागितली, मग तिला तासभर हिशेब ऐकवला. ती म्हणाली, ‘अगं, हे मला माहीत आहे, मी शिकवते हे.’ तरी ऐकवला.

किचनचं? सोडलं. वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. सुताराला फोन करून नको म्हणून कळवलं. पण नंतर ओट्यासमोर उभी राहिले की मनात यायचं, एका कपाटाला पाच वर्षं? त्यापेक्षा झुरळं परवडली.

या सगळ्यात नवरा फार बोलत नव्हता. मी जेवताना आकडे सांगायचे, तो हं हं करायचा. त्या दिवसांत तो कामावरून उशिरा यायला लागला होता. विचारलं तर म्हणायचा, साहेबांकडे काम होतं. मी तरी कुठे नीट विचारत होते? माझं लक्ष माझ्या अठराकडे.

शनिवारी दोघं वाशीला बँकेत गेलो. मी नवी साडी नेसले होते, लग्नाला निघाल्यासारखी. टेबलामागे एक तरुण मॅडम होत्या. त्यांनी लाखाचा चेक घेतला, कॉम्प्युटरवर काहीतरी केलं आणि सहज विचारलं, ‘हप्ता कमी करायचा की मुदत?’

‘हप्ता,’ नवरा पटकन म्हणाला.

हा प्रश्न विचारतील हे त्याला मी सांगितलंच नव्हतं. आणि हप्ता कमी म्हटल्यावर कोणीही हो म्हणेल. मॅडमचं बोट बटणाकडे निघालं. हप्ता आठशे रुपयांनी उतरला असता आणि बहात्तर तसेच राहिले असते.

‘मुदत!’ मी उभी राहून ओरडले. ‘मुदत कमी करा! हप्त्याला हात लावू नका!’

रांगेतली माणसं वळून बघायला लागली. दारावरचा वॉचमन दोन पावलं पुढे आला. मॅडम घाबरून म्हणाल्या, ‘ओके, ओके, मुदत. बसा ना तुम्ही.’

‘आणि हप्ता तीन हजारांनी वाढवा.’

‘वाढवू? मॅडम, इथे सगळे कमी करायला येतात.’

‘मला माहितेय. मी पण तशीच होते. वाढवा तुम्ही.’

दोन-तीन सह्या झाल्या. मॅडमनी स्क्रीन आमच्याकडे वळवली आणि शेवटच्या हप्त्याच्या तारखेवर बोट ठेवलं. मी काही बोलायच्या आत नवऱ्याने ते साल वाचलं. ओठांतल्या ओठांत त्याने बेरीज केली.

‘एकोणसाठ?’ त्याने विचारलं.

‘एकोणसाठ! आणि दिवाळीचा बोनस यात टाकला ना, की अठ्ठावन्न. मी करून बघितलंय.’

‘म्हणजे बहात्तर नाही? नक्की?’

‘नक्की, सर,’ मॅडम म्हणाल्या. ‘फक्त पुढे दर वाढले तर पुन्हा येऊन बघा.’

‘दर महिन्याला बघणार,’ मी म्हटलं.

नवऱ्याने खिशातून मोबाइल काढला आणि तिथेच बसल्या बसल्या फोन लावला. मला वाटलं, गावी आईला सांगतोय. माझ्या तोंडावर हसूच होतं.

‘साहेब, नमस्कार. माझा तो अर्ज होता ना, कायमच्या रात्रपाळीचा... हो, तोच. तो पुढे पाठवू नका. नाही, नको आता. अलाउन्स नको. पाळ्या आहेत तशाच राहू द्या. थँक्यू साहेब.’

मला काही कळेनाच. ‘कसला अर्ज?’

‘काही नाही गं. मागच्या आठवड्यात दिला होता. कायम रात्रपाळी घेतली की वरचे पैसे मिळतात. म्हटलं, बहात्तरपर्यंत तर होणार नाही आपल्याच्याने, आत्ताच जास्त करून ठेवू.’

‘आणि मला सांगायचं नाही?’

‘तू एवढी खूश होतीस त्या आकड्यांत. आणि मला काही कळत नव्हतं त्यातलं. बहात्तर तेवढं कळलं होतं.’

दोन आठवडे मी एकोणसाठच्या आनंदात नाचत होते, आणि माझ्या शेजारी झोपणारा माणूस बहात्तर धरून चालला होता. जन्मभर रात्री जागायला तयार होऊन बसला होता, गुपचूप. मला रडू फुटलं, आणि त्याचा रागही असा आला की त्याला तिथेच दोन धपाटे घालावेत. मॅडमनी टिश्यूचा डबा पुढे सरकवला. मी त्यांचा पेन मागून घेतला, खुर्ची नवऱ्याकडे ओढली आणि चेकबुकच्या मागच्या पुठ्ठ्यावर सगळा हिशेब पहिल्यापासून मांडायला घेतला. या वेळी हळू. प्रत्येक ओळीला ‘कळलं?’ विचारत, आणि तो ‘कळलं’ म्हणेपर्यंत पुढे न जाता.