देवीचं डबिंग

मी हे लिहू नये, असं घरात सगळ्यांचं मत आहे. उस्मानपुऱ्यातल्या आमच्या दोन खोल्यांत देव्हारा कधीच नव्हता, पत्रकांचे गठ्ठे होते. अंधश्रद्धेविरुद्धची त्यातली निम्मी पत्रकं मीच लिहिलेली. तरीही लिहिते...

शोभामावशी, माझ्या आईची धाकटी बहीण, बारा वर्षं भक्तिपटांत देवी व्हायची. शहागंजच्या बाजारात मिळणाऱ्या सीडींवर तिचाच चेहरा असायचा. आवाज मात्र पुण्याच्या एका डबिंगवाल्या बाईंचा. मावशीचं ‘लई’ अन् ‘नाय’ देवीच्या तोंडी शोभणार नाही, म्हणे.

“त्वांड माझं, वाणी दुसरीची,” ती हसायची. “देवीलाबी आवाज भाड्यानं आणावा लागतो, बाई.”

त्या उन्हाळ्यात तिला पहिल्यांदाच वेगळी भूमिका मिळत होती. खडी फोडणारी बाई, तीही स्वतःच्या आवाजात. सोमवारी चाचणी होती.

त्याआधी रविवारी कन्नड तालुक्यातल्या एका गावानं तिला बोलावलं. तेव्हाच्या औरंगाबादेत इमारतींच्या बांधकामांना टँकर जात होते आणि या गावात नऊ दिवस टँकर फिरकला नव्हता. बायका हंडे घेऊन तहसीलवर मोर्चा नेणार होत्या. गावच्या पुढाऱ्याला ते नको होतं, म्हणून त्यानं मावशीला देवीच्या वेशात उभं करून दर्शन ठेवलं होतं.

मी मावशीला म्हणाले, “माइक हातात आला की खरं सांग.”

“सांगते की. मी देवी नाय, नटी हाय. चला तहसीलला, मीबी येते. बस?”

भर दुपारी तिनं माइक धरला. मी तिच्यापासून दोन हातांच्या अंतरावर उभी होते.

“बाळांनो, धीर धरा. जल अवश्य येईल.”

आवाज त्या डबिंगवाल्या बाईंचा होता. गोड, स्वच्छ, वाक्याच्या शेवटी किंचित श्वास सोडणारा. सीडी लावलेली नव्हती, मी जाऊन पाहिलं. मावशी तोंडावर हात दाबून माझ्याकडे बघत होती... समोर बायकांनी हंडे खाली ठेवून हात जोडले. मोर्चा निघालाच नाही. टँकरही आला नाही.

सोमवारी चाचणीत तोच आवाज.

“ताई, खडी फोडणारी बाई अशी बोलते का?” दिग्दर्शकानं विचारलं. भूमिका गेली. तेव्हापासून मावशी वहीत लिहून बोलते.

डॉक्टर म्हणाले, घसा ठीक आहे; बारा वर्षं ऐकलेला आवाज मनानं उचलला. मला ते पटलं होतं.

पुढच्या वर्षी आजी गेली. मावशी तिच्या पायाशी बसून मोठ्यानं रडली — त्याच आवाजात. डॉक्टरांना ऐकवायला म्हणून मी ते मोबाईलवर रेकॉर्ड केलं. लाज वाटते, पण केलं. नंतर पुण्याच्या बाईंना फोन लावून तेच ऐकवलं.

त्यांनी ते पुन्हा एकदा लावायला सांगितलं.

“ही मीच आहे,” त्या म्हणाल्या. “माझी आई गेली तेव्हाची. पण मी घरात एकटी होते हो... आणि स्टुडिओत मी कधी रडले नाही. हे तुम्हाला कुठं मिळालं?”