एका पेटीतले दोन साप

माझा दादा सापांचं विष काढायचा. नोकरीच होती ती. साप चावल्यावर जे इंजेक्शन देतात ना, ते बनवायला आधी सापाचंच विष लागतं. काचेच्या पेल्याला पातळ रबर ताणून बांधायचं, सापाची मान धरायची आणि त्याचे दात रबरात रुतवायचे. सांगायला एवढंच. आणि घरी हाच माणूस पाल दिसली की खुर्चीवर चढायचा. आई म्हणायची, "पगार सापाचा आणि घाम पालीचा!" तर म्हणायचा, "पालीला कसं धरायचं ते कोणी शिकवलंच नाही गं."

भित्राच होता. त्याच्याबरोबर साप धरणारा जोडीदार सांगतो, पेटी उघडायच्या आधी दादा रोज दाराकडे बघून घ्यायचा, पळायला वाट आहे ना म्हणून. आणि दोघांचा एक नियम होता. काही होवो, आधी झाकण लावायचं, मग बोंबलायचं. साप बाहेर पडला तर एकाचे दोन जातील म्हणून.

दादाच्या कामावर एक मॅडम आहेत. त्या सापाचा खवला नखाएवढा कापून घेतात आणि त्यातून त्याचे जीन्स वाचतात. कोण कोणाचा सख्खा, कोण चुलत, कोण नुसताच तोंडावळ्याने सारखा. मग त्यांचं झाड काढतात, फांद्याफांद्यांचं. दादाने मला फोनवर दाखवलं होतं. म्हणाला, "ठमे, हे खाली खाली नेत गेलं की आपण पण यातच." मी म्हटलं, "तू असशील. मला नकोत असले पाहुणे."

मग डोंगरापलीकडून एक नवीन साप आला. रंग तोच, पट्टे तेच, नेहमीच्या सापासारखाच. पण मॅडमनी खवला वाचला आणि म्हणाल्या, हा वेगळ्या घराण्यातला, याची फांदी फार पूर्वी फुटलेली आहे. नेहमीचं औषध याच्यावर चालेलच असं नाही.

आणि त्याच आठवड्यात नवीनच्या पेटीची काच तडकली. दुसरी पेटी येईपर्यंत घटकाभर म्हणून दोघांनी त्याला नेहमीच्या सापाच्या पेटीत ठेवला. परत काढताना दादाच्या अंगठ्याला चावला. दादाने हात बाहेर घेतला, झाकण लावलं आणि मग ओरडला. नियमच तो. पण आत दोन, दोघे एकसारखे. कोण चावला ते कोणीच बघितलं नाही.

आई आणि मी दवाखान्यात पोचलो तेव्हा डॉक्टर विचारत होते, "कोणता साप?"

जोडीदार म्हणाला, "दोन होते."

"अहो, पण चावला कोणता?"

तो नुसताच रडायला लागला.

नेहमीचं औषध दिलं. काही फरक नाही. दादाच्या हिरड्यांतून रक्त यायला लागलं. नवीनचं स्वतःचं औषध कुठेच नव्हतं. झाडात त्याच्या सगळ्यात जवळची जी फांदी, त्या सापाचं होतं, पण ते दुसऱ्या शहरात. आणि उगाच दिलं तर त्या औषधानेच श्वास बंद पडू शकतो, म्हणून डॉक्टर म्हणाले, आधी खात्री करा. मॅडमनी जखमेवर कापूस फिरवला. म्हणाल्या, सापाची लाळ राहते तिथे, त्यातून कळेल कोण ते. कापूस घेऊन पळत गेल्या.

तो वेळ कसा काढला ते आमचं आम्हाला माहीत. दार वाजलं की आई उठून उभी राहायची. दादा मला म्हणाला, "कोण निघाला गं?"

"कळलं नाही अजून."

"नेहमीचा असू दे रे देवा. त्याची माझी ओळख आहे."

मला हसूच आलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मॅडम आल्या. त्यांचा चेहरा बघूनच कळलं. नवीनच होता. लगेच गाडी पाठवून जवळच्या फांदीचं ते औषध आणलं. रक्त थांबलं हो! आई नर्सबाईंच्या गळ्यात पडली. पण चुलत भावाचं औषध ते, उशिरा आलेलं, अर्धंच लागू पडलं. किडन्या आधीच गेल्या होत्या. दादा गेला.

काल जोडीदार घरी आला. नवीन सापाचं औषध बनवायचं ठरलंय. डोंगरापलीकडे माणसं राहतात, त्यांना तोच चावतो. त्यासाठी त्याचं विष काढायला पाहिजे, आणि धरणारा आता हा एकटाच.

"काकू, उद्या मला धरायचाय तो. तुम्ही नको म्हणालात तर नाही धरणार."

आई म्हणाली, "तुझी आई काय म्हणाली?"

"तिला सांगितलंच नाही."

"मग मला कशाला सांगतोस मेल्या?" म्हणाली आणि स्वतःच जीभ चावली. मग म्हणाली, "काम झालं की हात धुवायच्या आधी मला फोन कर."

आज सकाळपासून आई फोन मांडीवर घेऊन बसलीय. जेवली नाही. मी विचारलं, आपणच करू का, तर म्हणाली, "नको. त्याच्या हातात असेल तो आत्ता."

मी तिच्या शेजारी बसून हे लिहितेय. अजून वाजला नाही.